तेरवीच्या मांडवातलं हसू

माझा नवरा सौंदडच्या शाळेत मास्तर होता. स्वभावानं अबोल, पण हसू नये तिथं मला हसवण्यात पटाईत. कुठं लांबलचक भाषण चाललं असलं की चेहरा गंभीर ठेवून तो फक्त माझ्याकडं बघायचा. मी लगेच पदर तोंडात कोंबायची.

त्याच्या तेरवीला तालुक्याहून एक पुढारी आले. उशीर झालेला, पुढं आणखी दोन ठिकाणी जायचं होतं. माइक हातात घेऊन, त्याच्या फोटोकडं पाठ करून त्यांनी सुरुवात केली, "या माउलीनं मास्तरांचा संसार सोन्याचा केला. अशी सोशिक बाई पुन्हा होणे नाही. मास्तरांनी आता धीर धरावा."

मी समोरच बसले होते. मांडवात चुळबुळ झाली, पण पुढाऱ्याला अडवणार कोण? माझी मान आपसूक उजवीकडं, तो नेहमी बसायचा त्या बाजूला वळली. तिथं पाण्याचा कॅन होता.

तेवढ्यानं मला जे हसू फुटलं, ते आवरेचना. पदरात तोंड खुपसलं, खांदे गदगदत होते. बायका धावल्या. कुणी पाठीवरून हात फिरवला, कुणी पाणी आणलं. शेजारच्या म्हातारीनं मला कुशीत ओढलं आणि कानाशी पुटपुटली, "काऊन वं, हासून राहिली का तू?"

मी मान डोलावली.

तिनं माझं डोकं आणखी घट्ट दाबलं आणि बाकीच्यांना म्हणाली, "रडू द्या तिले. मोकळी होऊ द्या." हसू दाबताना तिचंही पोट थरथरत होतं. मग मला खरंच रडू आलं.

आता संध्याकाळी टीव्हीवर विनोदी कार्यक्रम लावते. विनोद कळतो, हसू येत नाही. माणूस का हसतो, याचा मी खूप विचार केला. मला वाटतं, गमतीपेक्षा ती गंमत आपल्यासारखीच आणखी कुणाला तरी दिसली, याचा आनंद मोठा असतो.

परवा म्हातारी बसायला आली, तेव्हा तिला त्याचे जुने किस्से सांगितले. ती मनापासून हसली, डोळे पुसले. पण हसली ती भलत्याच जागी, आम्ही दोघं हसायचो तिथं नाही. तरी मी तिच्यासाठी पुन्हा चहा ठेवला.