गलबताचं शीड आणि झेडपीचं तिकीट

आमच्या केज तालुक्यात समुद्र सोडून सगळं आहे. तरीही मी गावच्या जत्रेसाठी गलबतावर नाटक लिहिलं. गावात समुद्र कुणी पाहिलेलाच नसल्यामुळं चुका काढायला कुणी उठणार नाही, हा माझा साधा हिशेब. माझं गलबत माजलगावच्या धरणातून सुटायचं आणि थेट काळात शिरायचं. पहिल्या अंकात मागं, धर्मापुरीचं देऊळ घडवणाऱ्या पाथरवटांपर्यंत. दुसऱ्या अंकात पुढं, अजून उजाडलेच नाहीत अशा दिवसांत. जत्रेतल्या लोकांना हे झेपेल का, असं एका मास्तरांनी विचारलं. मी म्हणालो, फाट्यावर एसटीची वाट बघणाऱ्या माणसाला काळ म्हणजे काय ते शिकवावं लागत नाही.

गलबत मात्र कुठून आणायचं? तिथं माझा मावसभाऊ पुढं आला. त्याच्या दारात उसाची ट्रॉली होती आणि मनात झेडपीचं तिकीट. ते तिकीट ज्यांच्या हातात, ते नेते जत्रेचे प्रमुख पाहुणे होते.

"दादा, ट्रॉली घे, पण कप्तान मीच," तो म्हणाला. "साहेबांनी मला उंचावर बघितलं पायजे. खाली सतरंजीवर बसून बसून मी त्यांना दिसंनासाच झालो."

मी त्याला कप्तान केलं. त्याला एकही वाक्य पाठ होईना, हा भाग वेगळा. ट्रॉलीखाली पडद्याआड बसून मी कुजबुजायचो आणि तो ते जसंच्या तसं गर्जायचा. तालमीत मला ठसका लागला म्हणून मी कुणाला तरी म्हणालो, "पाणी आण रे." कप्तानानं छाती फुगवून सगळ्या गलबताला हुकूम सोडला, "पाणी आण रे!"

शिडासाठी मांडववाल्याचं कापड मिळालं नाही, लग्नसराई होती. मग भावाच्या कडब्याच्या गंजीवरचा जुना फ्लेक्स काढला. त्याची कथा अशी. मागं कधी तरी नेत्यांच्या वाढदिवसाला भावानंच तो छापला होता. त्यावर नेते आणि त्यांचे तेव्हाचे जिवलग मित्र एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून हसत होते. खाली गोल गोल फोटोंच्या रांगेत भाऊही होता. पुढं दोघांचं फाटलं. मित्र दुसऱ्या पक्षात गेले, आणि नेते भाषणात पाणी पिण्याआधी एकदा व प्यायल्यावर एकदा त्यांचा उद्धार करू लागले. असा फ्लेक्स चौकात ठेवता येत नाही, आणि फाडावा तर आपल्याच नेत्याचं तोंड फाटतं. आमच्याकडं यावर रीत पडून गेली आहे. चेहरे खाली, पांढरी बाजू वर, आणि कडबा पावसापासून वाचतो. आम्हीही तसंच केलं. पांढरी बाजू प्रेक्षकांकडं, चेहरे मागं. शीड कसं दुधासारखं दिसत होतं.

नाटक दुपारी होतं. नेते वेळेवर आले असते तर ही हकिगत घडलीच नसती, पण ते नेते होते. सत्कार, नारळ, फेटे, मग भाषण, मग भाषणात मित्राचा उद्धार, असं करत आमचा पहिला अंक उरकेपर्यंत सूर्य कलला. रंगमंच पूर्वेला तोंड करून होता. दुसऱ्या अंकात भावानं सायकलच्या चाकाचं सुकाणू फिरवलं आणि माझ्यामागोमाग गर्जला, "गड्यांनो, आता गलबत भविष्यात चाललं! बघा, पुढं काय दिसतंय!"

आणि दिसलं. मावळता सूर्य बरोब्बर शिडामागं आला आणि त्या पांढऱ्या शिडातून दोन मोठे चेहरे उमलले. खांद्यावर हात, गालावर हसू. मैदानातल्या माना वर झाल्या. सगळे वर बघताहेत म्हटल्यावर कप्तानाला वाटलं आपल्याकडंच बघताहेत, म्हणून त्यानं एक पाय ट्रॉलीच्या फळीवर ठेवून मान ताठ केली. पहिल्या रांगेत नेत्यांनी काळा चष्मा काढला.

मग भावानं मागं वळून बघितलं. तो उतरला कसा ते मला कळलं नाही. मला फक्त त्याचे पाय पडद्याखालून दिसले. "दादा, गेलं बघ तिकीट," तो पुटपुटला. "कावून लावलं रे हे?" मी काही बोलणार तोवर त्या पायांसमोर नेत्यांचे पांढरे बूट आले. बाहेर कुणी तरी वेळ भरून काढायला हलगी वाजवायला लावली होती.

फटीतून बघितलं तर नेते रागावले नव्हते. घाबरले होते. आवाज खाली आणून त्यांनी विचारलं, "हे तुला कुणी सांगितलं?"

भाऊ पडद्याकडं सरकला. त्याच्या डोक्यात कधीच काही नसतं, ते माझ्याकडून येतं. मला एवढंच उमगलं की साहेबांना शिडावर जुनी गोष्ट दिसलेली नाही, पुढची दिसली आहे. मी सवयीनं नाटकातलं पुढचं वाक्य कुजबुजलो आणि भावानं ते सवयीनं म्हटलं, फक्त गर्जना न करता.

"गलबत दाखवतं, साहेब. मी नुसतं सुकाणू धरतो."

नेत्यांनी त्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. इतकं निरखून त्यांनी त्याला आजवर बघितलं नव्हतं. "पोहोचलेला हाईस," ते म्हणाले. "चार दिवस तोंड बंद ठेव. तिकिटाचं मी बघतो."

भावानं तोंड बंद ठेवलं. त्याला ते अवघड नव्हतं, काय बोलू नये तेच त्याला ठाऊक नव्हतं. मग एका सकाळी दोघा जुन्या वैऱ्यांची गळाभेट सगळ्या मोबाइलवर फिरली, आणि त्याच दुपारी तिकीट खिशात घेऊन भाऊ माझ्या दारात.

"दादा, शीड दे. चौकात लावायचं हाय. नवीन छापायला कशाला लागतंय, तेच दोघं हाईत की."

ऊन-पावसानं रंग जरा उडाला होता, दोरासाठी पाडलेली भोकं होती, पण खांद्यावरचे हात शाबूत होते. मी फ्लेक्स घडी घालून दिला आणि म्हणालो, "ने, पण फाडू नको. परत लागंल."

"नाटकाला?"

"न्हाई बे. कडब्याला."