आजोबांची भिंत आणि ‘स्पर्ट’

मुलांनो, धाकट्याच्या प्रगतिपत्रकात त्याच्या बाईंनी ‘स्पर्ट्समध्ये काम करतो’ असं लिहिलं. परवा व्हिडिओ कॉलवर त्याने रडवेल्या तोंडाने विचारलं, “आजी, हे वाईट असतं का?” तुमच्या बाबांनी ‘नंतर बोलू’ म्हणून विषय संपवला. त्यांचं ‘नंतर’ मला चांगलं ठाऊक आहे, म्हणून आजच लिहिते.

इंग्रजी घेऊन बी.ए. केल्याचा एवढा तरी उपयोग व्हावा. स्पर्ट म्हणजे चिळकांडी. नळात हवा अडली की पाणी उडतं, तशी. मग अचानक येणारा आणि न टिकणारा जोर. थोरली एका सुट्टीत चार बोटं उंच झाली, तोही स्पर्टच. शब्द मुळात कुठला, ते माझा जाडजूड कोश खात्रीने सांगत नाही. पिचकारी मारण्याच्या एका जुन्या जर्मन शब्दाशी नातं ‘असावं’, म्हणतो. आमच्या घरात तो कुठून आला याबद्दल मात्र शंका नाही. तुमच्या आजोबांकडून.

दहिवलीच्या या घरामागे उतार आहे. दर पावसाळ्यात त्याची माती स्वयंपाकघराला येऊन टेकायची. आणखी एक पावसाळा, की ओट्यासकट सगळं चिखलात, हे मला दिसत होतं. मी म्हटलं, आडवी भिंत घालायला गवंडी बोलावू.

आजोबा म्हणाले, “गवंडी कशाला? मी आहे ना.”

मला काळजी त्याचीच होती.

ते नुकतेच निवृत्त झाले होते. दिवाळी झाल्यावर झपाटल्यासारखं काम करून त्यांनी भिंत गुडघ्यापर्यंत आणली. मग संक्रांतीपर्यंत तिच्यावर माझ्या गोधड्या वाळल्या. संक्रांतीला पुन्हा उबळ आली, भिंत कमरेला लागली. मग विश्रांती. शेजारची काकू कुंपणापाशी येऊन विचारायची, “काय गं वहिनी, भित वाढतेय का नाय? शेणखत घालून बग.” तिच्या नवऱ्याने त्याच उताराला ठेकेदाराकडून एका दमात गुळगुळीत भिंत उठवून घेतली होती. मी आजोबांचा चहा मुद्दाम त्या भिंतीसमोर नेऊन द्यायची. ते चहाची तारीफ करायचे.

मृगाचे ढग दिसले तेव्हा त्यांना शेवटचा झटका आला आणि भिंत डोक्याएवढी उंच झाली. पण ते जिथे जिथे थांबले होते, तिथला सांधा लांबूनही ओळखू यायचा. नवं सिमेंट जुन्याला धरतच नव्हतं.

श्रावणात एकदा पावसाने दिवसभर झोडपलं. उतार फुगला आणि आमच्या भिंतीच्या एकेका सांध्यातून चिळकांड्या उडू लागल्या. मी पिठाचे डबे पुढच्या खोलीत नेले. संध्याकाळी भिंत पडली, पण ती काकूची. ठेकेदाराने इतकं सफाईदार काम केलं होतं, की मागे साचलेल्या पाण्याला बाहेर यायला एकही भोक नव्हतं. आमच्याकडे पाणी सांध्यांतून वाहून गेलं आणि माती जागच्या जागी राहिली.

काकू बघायला आली. “भावोजी, तुमी हे मुद्दाम ठेवलंत?”

“अर्थात,” आजोबा म्हणाले. या नियोजनावर ते पुढे महिनाभर बोलले. तेवढंच काय ते न थांबता.

तेव्हा धाकट्या, थांबणं आपल्या घराण्यात आहे, बाईंना काय लिहायचं ते लिहू दे. फक्त थांबलास तिथे परत येत जा. आजोबा दर वेळी परत आले होते, एवढं मला मान्य करावं लागतं.

भिंत अजून उभी आहे. स्वयंपाकघरही.