एक, तीन, चार, दोन

ठणठणीत चालू असलेली गाडी दुरुस्त करणारा माणूस या भूतलावर एकच आहे, आणि तो नेमका माझ्या बायकोच्या नात्यात निघावा, याला मी माझ्या पत्रिकेतला दोष समजतो. माझे मावससासरे. बायकोच्या सख्ख्या मावशीचे यजमान. घरात सगळे त्यांना काका म्हणतात, म्हणून मीही म्हणतो. बंद पडलेल्या गाडीत काकांना काडीचा रस नाही. जालना रोडवर कुणी बॉनेट उघडून घाम पुसत उभा असला तर काका तिकडे ढुंकूनही बघणार नाहीत. “त्याला मेकॅनिक हायेत की,” म्हणतील. पण एखादी गाडी किल्ली फिरवताक्षणी सुरू झाली, ना खोकली ना धूर सोडला, की काकांच्या कपाळावर आठी पडलीच. इतकी गुमान चालतीय म्हणजे आत काहीतरी दडवतीय, अशी त्यांची खात्री असते. मग बॉनेट उघडतं. एकदा ते उघडलं की त्या गाडीचा आणि गाडीमालकाचा रविवार संपला.

तो गाडीमालक मी. गाडी वीस वर्षांची, चार सिलिंडरची, पेट्रोलवरची. मी महाविद्यालयात इतिहास शिकवतो आणि खरं तर तीन वर्षांपूर्वी नवी गाडी घेणार होतो, पण काकांनी मला अडवलं. “नव्या गाडीत बघायसारखं काय असतं? सगळं झाकून ठेवल्यालं,” ते म्हणाले, आणि कुठूनतरी ही गाडी हुडकून माझ्या दारात उभी केली. हुबेहूब अशीच गाडी त्यांच्याकडेही होती. पुण्याला असणाऱ्या त्यांच्या मुलानं “आता या वयात चालवू नका” म्हणून ती विकून टाकली, त्याला तेव्हा पुरते दोन महिनेही झाले नव्हते. हा योगायोग माझ्या लक्षात यायला वर्ष लागलं. इतिहासाच्या माणसाला सगळं उशिराच कळतं.

काका राहतात चिकलठाण्याला, आम्ही पडेगावला. म्हणजे अख्खं शहर मध्ये आहे. माणसानं एवढ्या अंतराचा मान ठेवायला हवा की नाही? पण नाही. दर रविवारी सकाळी काका सिटी बसनं छावणीपर्यंत येतात, तिथून शेअर रिक्षा करतात आणि सातच्या ठोक्याला आमच्या फाटकात हजर. हातात हिरवी रेक्झिनची पिशवी, अंगात कारखान्यातला जुना खाकी शर्ट आणि ओठांवर ती मिशी. मिशीबद्दल सांगायलाच हवं. ती भरघोस आहे, टोकांना किंचित वळलेली आहे आणि काका तिला रोज खोबरेल लावतात. मावशी होत्या तेव्हा म्हणायच्या, “लग्नात मी नवरा पाहिलाच नाही, मिशीच पाहिली.” आमच्या दाराला बेल आहे, चांगली वाजते. काका ती वाजवत नाहीत. ते गाडीच्या बॉनेटवर थाप मारतात. त्यांना गाडी उठवायची असते, तिच्या आवाजानं आम्ही उठतो हा आमचा प्रश्न.

गाडीला इंजिन, ब्रेक, टायर असल्या किरकोळ वस्तूही असतात हे काकांना मान्य आहे. पण खरी गाडी म्हणजे प्लगच्या चार वायरी. डिस्ट्रिब्यूटर नावाचं एक काळं टोपण असतं, त्यातून निघून या चार जाड वायरी चार प्लगांवर जातात आणि प्रत्येक प्लगला त्याच्या पाळीनं ठिणगी पोचवतात. पाळी कशी, तर एक, तीन, चार, दोन. सरळ एक, दोन, तीन, चार का नाही, असं मी पहिल्याच रविवारी विचारलं. काकांनी मला आपादमस्तक न्याहाळलं. “तुमच्या राजांसारखं नसतं हे, जावईबापू. बाप मेला की पोरगा गादीवर! इथं ज्याची पाळी त्यालाच ठिणगी. एक, तीन, चार, दोन. म्हणा.” मी म्हटलं. चाळिशी ओलांडलेला प्राध्यापक स्वतःच्या दारात, बनियनवर, शेजाऱ्यांच्या साक्षीनं पाढे म्हणत होता.

काकांच्या कामाची पद्धत ठरलेली. वायर ओढायची नाही, तिच्या टोकाचं रबरी बूच पिळून अलगद काढायचं. मग ती वायर फडक्यानं पुसायची, वाकवून चीर पडलीय का बघायचं, नाकाशी नेऊन हुंगायची (हो, हुंगायची, “करपल्याली वायर बोलती,” असं त्यांचं म्हणणं), मीटर लावून आकडा मोठ्यानं वाचायचा आणि परत प्लगवर दाबायची. दाबताना ‘कट्’ असा आवाज आला पाहिजे. “बसली?” ते विचारतात. “बसली,” मी म्हणतो. मी न म्हटल्यास ती बसलेली नसते. मगच दुसरी वायर. कारण काकांचा सगळ्यात मोठा नियम: एका वेळी एकच. “दोन वायरी एकदम काढल्या की माणूस घोळ घालणार म्हंजे घालणार. एकच काढली तर चुकायची म्हटली तरी कशी चुकंल? जागा एक, वायर एक.” हे सांगून झालं की त्यांचा हात मिशीवर जातो. “बत्तीस वर्षं मेंटेनन्सला काढली. माझ्या हातून वायर चुकली तर ही मिशी उतरवीन.” ही प्रतिज्ञा मी इतक्या रविवारी ऐकलीय की वर्गात शिकवताना मध्येच माझ्या तोंडून निघेल की काय, अशी मला धास्ती वाटते.

एकदा त्यांना शंका आली की कुठली तरी वायर ठिणगी बाहेर सांडतीय. सांडलेली ठिणगी अंधारात दिसते. आता सकाळी साडेसातला अंधार कुठून आणायचा? काकांनी आमच्या घरातली वाकळ आणली. उघड्या बॉनेटवर आणि आम्हा दोघांच्या डोक्यांवर ती पांघरली, इंजिन चालू ठेवलं, आणि बायकोची इस्त्रीच्या पाण्याची फवाऱ्याची बाटली घेऊन वायरींवर फुसफुस पाणी मारायला लागले. वाकळेचं टोक पंख्यात जाऊ नये म्हणून ते धरून ठेवायची जिम्मेदारी माझी. बाहेरून फक्त दोन वाकलेली ढुंगणं आणि आतून आरडाओरडा: “दिसली का?” “नाही दिसली.” “नीट बघा की!” समोरच्या देशपांडे वहिनी दूध घेऊन चालल्या होत्या, त्या थांबल्या आणि परत घरात गेल्या. शेवटी काका म्हणाले, “वायरीवरून हात फिरवा बरं हळूहळू.” मी फिरवला. दोन नंबरच्या वायरीनं मला असा झटका दिला की मी वाकळेसकट मागं फेकला गेलो. काका आनंदानं ओरडले, “सापडली! म्हटलं नव्हतं?” मी जमिनीवर बसून बोटं मोजत होतो. बायको दारातून म्हणाली, “काका, जावयाचा टेस्टर केलात व्हय?” काका म्हणाले, “जावई चांगला हाय. लगेच दाखवतो.”

असं तीन वर्षं चाललं. तीन वर्षांत गाडी एकदाही रस्त्यात बंद पडली नाही. ती बंद असायची ती फक्त रविवारी सात ते दहा.

यंदा मात्र मी मनाचा हिय्या केला आणि नवी गाडी घ्यायचं ठरवलं. घरापुढं जागा एकाच गाडीची, म्हणजे जुनी जाणार. बायको म्हणाली, “तुम्हीच सांगा काकांना. मला नाही जमायचं. मावशी गेल्यापासून सोमवार ते शनिवार कसे काढतात ते मला फोनवर कळतं. विचारलं काय करताय, तर म्हणतात, ‘काय नाय, रविवारची वाट बघतोय.’ ही गाडी गेली तर ते काय निमित्तानं येतील? नुसतं जेवायला बोलावलं तर येणारा माणूस आहे का तो?” मला राग आला. गाडी माझी, दार माझं, झोपमोड माझी, आणि आरोपीच्या पिंजऱ्यातही मीच!

मी रविवारी सांगून टाकलं. काका तेव्हा चार नंबरची वायर पुसत होते. पुसतच राहिले. बराच वेळ पुसली. मग म्हणाले, “विका की. चीज तुमची हाय.” ‘कट्’ आवाज झाला, पण “बसली?” असं त्यांनी विचारलं नाही. निघताना फाटकापाशी थांबून म्हणाले, “गिऱ्हाईक कधी येणार?” पुढच्याच रविवारी, वैजापूरच्या मार्केट यार्डातले एक अडते, नऊ वाजता, असं मी सांगितलं. “मग मी आधी येऊन तपासून देतो,” काका म्हणाले. “आपल्या घरची चीज खोट ठेवून द्यायची नाय.” मला वाटलं, चला, सुटलो. माणूस समजूतदार निघाला.

त्या रविवारी थाप ऐकूच आली नाही. मी सातला स्वतःहून बाहेर आलो तर काका पायरीवर बसलेले, हात पुसून झालेले आणि बॉनेट बंद. तीन वर्षांत दहाच्या आत ते कधी बंद झालेलं मी पाहिलं नव्हतं. “झालं?” मी विचारलं. “झालं,” काका फाटकाबाहेरच्या कडुनिंबाकडे बघत म्हणाले. चहा घेतला नाही.

अडते वेळेवर आले. पांढरा सदरा, गोड माणूस. गाडीभोवती फिरले, दारं उघडून मिटली, “लई निगा राखलीय साहेब,” म्हणाले. मी अभिमानानं किल्ली दिली. त्यांनी ती फिरवली आणि गाडीला हिव भरलं. सगळं अंग गदागदा हलायला लागलं, आरसा थरथरला, आणि सायलेन्सरमधून असा फटाका फुटला की कडुनिंबावरचे कावळे उडाले. त्यांनी परत किल्ली फिरवली. परत फटाका. अडते हळूच खाली उतरले. “इंजिनचं काम निघालंय वाटतं.” मी काकांकडे बघितलं. आता ते पुढं होऊन सगळं दाखवतील, मीटर काढतील, मिशीला पीळ देतील. काका मान खाली घालून म्हणाले, “व्हय. जुनी झालीय. भरोसा नाय राह्यला.” अडत्यांनी चहापोहे घेतले, “बघतो, कळवतो,” म्हणाले. ते काय कळवणार हे त्यांनाही माहीत होतं आणि मलाही.

ते गेल्यावर मी बॉनेट उघडलं. बघायला क्षणही लागला नाही. तीनची वायर चारवर आणि चारची तीनवर. माझ्यासारख्या इतिहासाच्या माणसालाही दिसलं, कारण मला ते शिकवलं होतं बत्तीस वर्षं मेंटेनन्सला काढलेल्या माणसानं. आणि त्यानंच शिकवलं होतं की वायर एका वेळी एकच काढतात. एकच काढली तर चुकायची म्हटली तरी चुकत नाही.

मी मान वर केली. काका माझ्या शेजारी येऊन उभे होते.

“चुकलं वाटतं माझ्या हातून,” ते म्हणाले. “वय झालं, जावईबापू. डोळ्याला दिसत नाय पहिल्यासारखं. तुमचं नुकसान झालं. माफ करा.”

या माणसानं आजवर स्वतःची चूक कधी कबूल केली नव्हती. मावशींच्या वाढदिवसाची तारीख चुकली तरी ते कॅलेंडरला दोष द्यायचे. आणि आज न झालेली चूक ते अंगावर घेत होते. त्या दोन वायरी जागेवर लावायला मला एक मिनिट लागलं असतं. मी त्या बघितल्या, डोकं खाजवलं आणि म्हटलं, “मला तर काहीच कळत नाही बुवा यातलं. आता हो कसं?” काका माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, “पुढच्या रविवारी बघू निवांत.” मी बॉनेट लावून टाकलं. आठवडाभर गाडी तशीच उभी होती आणि मी रिक्षानं कॉलेजला गेलो. नव्या गाडीवाल्याला बायकोनंच फोन करून नाही म्हणून सांगितलं.

पुढच्या रविवारी सातला बॉनेटवर थाप पडली. मी बाहेर आलो आणि जागीच थांबलो. काकांच्या ओठांवर मिशी नव्हती. तिच्या जागी फिकट, उघडी पडलेली कातडी, आणि तो चेहरा इतका लहान, इतका अनोळखी दिसत होता की मला बघवेना. खोटं बोलले होते, पण शब्द खोटा पडू दिला नव्हता. चूक झाली म्हटलं ना तोंडानं? मग मिशी उतरली. बायको मागून आली, तोंडाला पदर लावला आणि तशीच आत वळली. काकांनी पिशवी खाली ठेवली, बॉनेट उघडलं आणि नेहमीच्या आवाजात म्हणाले, “धरा, जावईबापू. आज हळूहळू जाऊ. चूक हुडकायची हाय.” आम्ही ती अकरापर्यंत हुडकली. मी मदत म्हणून दोनदा चुकीच्या वायरीकडे बोट दाखवलं.

आता मिशी परत आलीय. आधीसारखी भरत नाही आणि जरा जास्तच पांढरी आहे, पण काका तिला खोबरेल लावतात. त्या सकाळबद्दल मी त्यांना काहीही विचारलेलं नाही आणि विचारणारही नाही. फक्त दर रविवारी, वायर हातात धरून, मी एकदा अडाण्यासारखं तोंड करतो आणि विचारतो, “काका, तीनच्या नंतर कितवी हो?”

“किती येळा सांगू तुम्हाला?” काका वैतागतात, आणि त्यांचा हात मिशीवर जातो. “चार!”