आमच्या नाटकातली बाई

“बाई मनगटात असती, कमरेत न्हाई,” असं म्हणून तो हात असा वळवायचा, की पाहणाऱ्या बायकाही आपला पदर सावरायच्या. परभणीकडच्या यात्रांत तुम्ही नाटकं पाहिली असतील, तर त्यालाही पाहिलं असेल. फक्त बाई समजून. जाहिरातीत नावही बाईचंच असायचं.

एरवी तो शाळेत शिपाई होता. टोपी, जाड भिंगाचा चष्मा, खाली मान. सिनेमात त्याने एकदाच काम केलं. येलदरीच्या धरणावर नाचाचं शूटिंग होतं. नायिकेला ठेका जमेना, म्हणून पडद्यावर पाय याचे आले. “हे माझे पाय,” तो कौतुकाने दाखवायचा. लोक नायिकेचं तोंड बघत बसायचे.

या पायांपायी मुलीचं लग्न मात्र अडलं होतं. ‘नाच्याची पोरगी’ म्हणून जमलेल्या सोयरिकी मोडायच्या. शेवटी पाथरीचं स्थळ आलं, तेव्हा त्याने नाचाचं अवाक्षर काढलं नाही. मुलगी पसंत पडली. सुपारी तेवढी फुटायची राहिली होती.

त्यातच पेडगावच्या यात्रेत आमचा दुपारचा प्रयोग लागला. मी पेटीवर होतो. त्याने पडद्याच्या फटीतून पाहिलं, चष्मा पुसला आणि पुन्हा पाहिलं. बायकांत अगदी पुढे बसल्या होत्या त्याच्या होणाऱ्या विहीणबाई. पेडगाव त्यांचं माहेर निघालं.

“नाच गाळून टाकू,” मी म्हणालो.

“लोक त्याच्यासाठीच बसल्यात. तुमी वाजवा.” त्याने चष्मा काढून ठेवला आणि घुंगरू बांधले.

माझे सूर दोनदा चुकले, त्याचा पाय चुकला नाही. विहीणबाई एकटक बघत होत्या. आता उठतात, मग उठतात, असं मला वाटत होतं.

प्रयोग संपला आणि त्या थेट आत आल्या. मागे भावजय, तिच्या हातात ताट.

“कुठंय ती बाई? वटी भरायची हाय तिची.”

 तोच पदर पुढे ओढून उभा राहिला. त्यांनी हळदकुंकू लावलं, पदरात तांदूळ, खण, नारळ घातला.

“कुण्या गावच्या वो तुमी?”

“घसा बसलाय त्यांचा,” मी घाईने म्हणालो.

तो वाकून त्यांच्या पाया पडला. मुलीच्या बापाला विहिणीपुढे वाकावंच लागतं. हा लग्नाआधीच वाकला.

लग्न झालं. त्याने मात्र पुन्हा तोंडाला रंग लावला नाही. “पोरीचं घर हाय,” एवढंच म्हणायचा. मला त्याचा राग यायचा आणि वाईटही वाटायचं.

मुलीच्या बाळाच्या बारशाला तो मला पाथरीला घेऊन गेला. चहा देताना विहीणबाईंनी मला ओळखलं.

“तुमी पेटीवाले न्हवं का? ती नाचणारी बाई कुठं असती आता?”

 शेजारून तोच शांतपणे म्हणाला, “वारली ती.”

“अगं बाई. लय गुणाची होती. मागं कोण हाय तिच्या?”

“एक लेक हाय,” तो म्हणाला. “चांगल्या घरी पडली.”