अव्वांची शुगर आणि माझी

“तुमच्या सासूबाईंना आहे ती शुगर तुम्हाला नाही,” डॉक्टर म्हणाले, तेव्हा मला आधी बरंच वाटलं. म्हटलं, चला, माझी कमी असेल. मी चौतीस वर्षांची, अंगानं काडी. दोन महिन्यांत सगळे ब्लाऊज सैल झाले होते, आणि तहान अशी की शिवणाच्या क्लासात मशीनशेजारी मी पाण्याची कळशीच ठेवायला लागले होते.

मग त्यांनी कागदावर ‘टाइप वन’ लिहिलं आणि खाली दोनदा रेघ ओढली.

दोन तपासण्या झाल्या होत्या. एक जीएडी अँटिबॉडी. आपल्या शरीराचे रखवालदार आपल्याच स्वादुपिंडावर उलटलेत का, ते त्यात कळतं. माझे उलटले होते. का उलटले, हे विचारलं तर डॉक्टर म्हणाले, “ते नक्की कुणालाच सांगता येत नाही. तुम्ही काही चुकीचं खाल्लं म्हणून नव्हे, एवढं मात्र नक्की.” दुसरी तपासणी सी-पेप्टाइड, म्हणजे शरीर स्वतःचं इन्शुलिन किती बनवतं त्याचं माप. माझा कारखाना जवळजवळ बंद पडला होता.

“सासूबाईंच्या अंगात इन्शुलिन आहे, पण ते नीट काम करत नाही. गोळी त्याला कामाला लावते. तुमच्या अंगात ते नाहीच. गोळी कुणाला कामाला लावणार?” म्हणून रोज चार इंजेक्शनं. तीन जेवणाआधी, एक झोपताना. “झोपतानाचं चुकवायचं नाही. जेवा, नाहीतर जेवू नका.”

हे त्यांनी सांगितलं होतं आणि मी ऐकलं होतं. पुढचं सगळं माहीत असून झालं, म्हणून तर आज लिहिते आहे.

आता अव्वांबद्दल सांगते. अव्वा म्हणजे माझ्या सासूबाई. मूळच्या अक्कलकोटकडच्या, राग आला की कानडीत बोलणाऱ्या. बावीस वर्षांची शुगर. सकाळी एक गोळी, दोन वेळा ज्वारीची कडक भाकरी, संध्याकाळी फेरी. बाई ठणठणीत. गल्लीत कुणाला शुगर निघाली की लोक डॉक्टरआधी अव्वांकडे यायचे, आणि अव्वा पदर खोचून शिकवणी घ्यायच्या. शेवटी ठरलेलं वाक्य, “मला बगा की!”

मला रिपोर्टसकट बघून त्या म्हणाल्या, “टाइप-बीप काय नसतंय. शुगर म्हंजे शुगर. इंजेक्शन एकदा लागलं की सुटत न्हाय, म्हणून तर लावत्यात. लई हुग्गी खाल्लीस माहेरात, दुसरं काय?” हुग्गी म्हणजे सासरकडची गव्हाची खीर. माझं माहेर बार्शी. तिथं कुणी हुग्गी करतच नाही. पण सांगायचं कुणाला?

नवऱ्याला सांगितलं. त्यांचं सोलापुरात नव्या पेठेत कापडाचं दुकान, दिवसभर प्रत्येक गिऱ्हाइकाच्या होला हो करायची सवय. म्हणाले, “डॉक्टर म्हणतात ते पण खरं, अव्वा म्हणते त्यात पण तथ्य आहे.” असल्या माणसापुढं डोकं तरी कुठल्या भिंतीवर आपटायचं!

मी इंजेक्शन न्हाणीघरात दार लावून घ्यायला लागले. चोरी केल्यासारखं.

श्रावण आला. आमच्या घरात श्रावणी सोमवार कडक, दिवस मावळेपर्यंत पाण्यावर. मी कां-कूं केली तर अव्वा म्हणाल्या, “बावीस वर्सं शुगर घिऊन सोमवार धरते मी. मला काय झालं?” खरंच, त्यांना काही झालं नव्हतं. मी दोनदा शिकलेली, एकदा शाळेत आणि एकदा दवाखान्यात, तरी हिशेब काय केला? खायचंच नाही तर इंजेक्शन कशाला? उलट शुगर उतरून चक्कर यायची. म्हणून रविवारी झोपतानाचंही घेतलं नाही, आणि सोमवारी एकही नाही. ही चूक अव्वांची नव्हे, माझी. पण तिची वाट त्यांनीच झाडून ठेवली होती.

दुपारी उलट्या सुरू झाल्या. अव्वा म्हणाल्या, पित्त. लिंबूपाणी झालं, आलं चघळून झालं. संध्याकाळपर्यंत मला धाप लागली, तोंडाला पिकलेल्या फळासारखा वास यायला लागला. शेजारणीनं बघितलं, तिनंच रिक्षा थांबवली.

कीटोॲसिडोसिस असं त्याला म्हणतात. इन्शुलिन अजिबात नसलं की शरीराला रक्तातली साखर वापरता येत नाही, मग ते चरबी जाळत सुटतं आणि रक्त आंबट होतं. उपाशी असलात तरी होतं. अव्वांच्या अंगात थोडं तरी इन्शुलिन होतं, म्हणून त्यांचा सोमवार निभावला. माझा निभावणारच नव्हता. तीन दिवस आयसीयूत होते. वाचले.

चौथ्या दिवशी वॉर्डात आणलं. पडद्यापलीकडं अव्वा कुणा भेटायला आलेल्या बाईंना सांगत होत्या, “चोरून खाल्लं आसंल कायतरी. उपासानं कुणाला असं हुतंय व्हय?”

सलाईनच्या हाताची मूठ वळली माझी. उपाशीपोटी मरायला टेकले, आणि आळ कसला, तर चोरून खाल्ल्याचा! त्या दिवसापासून माझं आणि अव्वांचं बोलणं कामापुरतं उरलं. इंजेक्शन मात्र मी स्वयंपाकघरात, त्यांच्या डोळ्यांसमोर घ्यायला लागले.

इथवर वाचून तुम्ही माझ्या बाजूनं झाला असाल. थांबा जरा.

पुढच्या चैत्रात अव्वा भर दुपारी सिद्धेश्वराला अनवाणी जाऊन आल्या. सोलापूरचं ऊन, डांबर पायाला चिकटतं. संध्याकाळी त्यांच्या पायाला तेल लावायचं काम माझं, अबोल्यातही ते चुकलं नव्हतं. बघते तर तळव्याला फोड आणि उजव्या अंगठ्याखाली मोठी जखम. मी विचारलं. त्या म्हणाल्या, “दुकत न्हाय गं. जरा बी न्हाय.”

मला रोज बोट टोचून शुगर बघावी लागते. टोचलं की कळ येते, साधा चटका बसला तरी झोंबतो. मीही शुगरचीच पेशंट ना? म्हटलं, दुखत नाही म्हणजे किरकोळ असणार. आणि खरं सांगायचं तर मनात आणखीही एक होतं. शुगरमधलं सगळं तुम्हालाच कळतं ना, मग बघा तुमचं तुम्ही. असा विचार मी केला. आठ दिवस तेल लावत राहिले आणि गप्प राहिले.

नवव्या दिवशी अंगठा काळा पडला आणि वास यायला लागला.

डॉक्टर तेच, माझेच. न्यूरोपॅथी, म्हणाले. म्हणजे नसा बधिर होतात. वरून शहाण्यासारखी वागणारी अव्वांची शुगर बावीस वर्षं आतून नसा खात होती. “दुखत नव्हतं, म्हणूनच लगेच आणायला हवं होतं,” ते म्हणाले. मग जखमेकडं बघत विचारलं, “पायाला तेल कोण लावतं?”

“मी,” म्हटलं. त्यांनी ऑपरेशनचा कागद माझ्यापुढं सरकवला.

अंगठा काढला. अव्वांना आता भिंत धरून चालावं लागतं. शिकवणी बंद आहे.

तुमच्या घरात एकाच रोगाची दोन माणसं असतील, तर त्यांच्या फायली वेगळ्या ठेवा, गोळ्या वेगळ्या ठेवा, आणि ‘मला बघा’ हे म्हणू नका. मनातल्या मनातसुद्धा नको. मी मनातच म्हटलं होतं.

यंदाचा पहिला श्रावणी सोमवार. मी उपास धरणार नव्हतेच, पण सकाळी स्वयंपाकघरात जायचंही जिवावर आलं होतं. गेले तर अव्वा ओट्याला टेकून उभ्या. ताटात भाकरी, शेंगाचटणी, वरण. आणि ताटाशेजारी फ्रीजमधून काढून ठेवलेलं माझं इंजेक्शन.

“टोच की आदी,” त्या म्हणाल्या. “मग खा. तुझं येगळं हाय.”

चुकलं असं त्या म्हणाल्या नाहीत. मला म्हणायचं होतं, तेही ओठांवर आलं नाही. मी टोचून घेतलं, जेवले, आणि मग पाटावर त्यांचा पाय घेऊन चार बोटं एकेक करून उजेडात धरून बघितली.