आचाऱ्याचं नाक

मी लग्नकार्यात स्वयंपाक करणारा आचारी. राहतो नांदेडात, पण लातूरकडची कामंही घ्यायचो. शिरूर अनंतपाळचं एक लग्न उरकून मोटारसायकलवर परत निघालो होतो. मागून पिकअपनं उडवलं आणि डोकं रस्त्यावर आदळलं. हाड एकही मोडलं नाही. टाके पडले, थोड्या दिवसांत घरी आलो. जो तो म्हणे, "नशीबवान हायेस."

मग एक दिवस गॅसवर दूध करपलं, घरभर धूर झाला, आणि मी शेजारच्या खोलीत आपला बसून. बायको धावत आली. "अहो, नाक हाय का न्हाई तुम्हाला?"

नव्हतं. फोडणी, भाजलेलं बेसन, कोथिंबीर, कशाचाच वास येत नव्हता. जिभेला खारट-गोड तेवढं कळायचं. पुढच्याच कामात रस्सा तळाला लागला आणि यजमानानं सांगेपर्यंत मला पत्ता नाही. हळूहळू बोलावणी बंद झाली.

पिकअपच्या विमा कंपनीवर भरपाईचा दावा लावला तेव्हा माझे वकील म्हणाले, "पाय तुटलेला दिसतो. तुमचं गेलेलं दिसत नाही. सगळे संशय घेतील."

तसंच झालं. जिलेबीच्या गाड्यापाशी थांबलो की ओळखीचे लोक माझ्या तोंडाकडे बघायचे. गल्लीत नवा माणूस दिसला की मला तो विमा कंपनीचा वाटायचा. एकदा उशीच्या खोळीत हिंगाची पुडी सापडली. मला खरंच वास येत नाही का, ते बघायला बायकोनंच ठेवली होती. त्यानंतर तिनं वाढलेलं ताटसुद्धा निरखून मगच जेवायचो.

कोर्टानं सरकारी दवाखान्यात तपासणीला पाठवलं. मेहुणा बजावत होता, "दाजी, काहीबी हुंगायला देऊ द्या, सगळ्याला न्हाईच म्हणायचं."

डॉक्टरांनी डोळे बांधले आणि एकेक कुपी नाकाशी धरली. काही नाही. पुन्हा काही नाही. मग एका कुपीनं नाक एकदम झोंबलं, डोळ्यांतून पाणी आलं.

"काय झालं?" त्यांनी विचारलं.

मला वाटलं, हा सापळा आहे, डॉक्टर कंपनीनं फोडलाय. नाही म्हणावं तर पट्टी भिजलेली.

"वास न्हाई साहेब, पण झोंबून राह्यलंय लई."

ते लिहीत राहिले. दावा गेला, असंच मेहुणा आणि मी धरून चाललो.

कोर्टात कंपनीच्या वकिलांनी नेमकं तेच धरलं. "कुपी हुंगून यांच्या डोळ्यांत पाणी आलं. म्हणजे वास येतो!"

डॉक्टर शांतपणे म्हणाले, "ती अमोनियाची कुपी होती. तिचं झोंबणं वासाच्या नसेतून कळत नाही, त्याची नस वेगळी. वास गेलेल्यालाही ती झोंबते. सोंग करणारा तिलाही नाही म्हणतो. हे नाही म्हणाले नाहीत."

मग मला पिंजऱ्यात बोलावलं.

न्यायाधीशबाईंनी मला विचारलं, "मोजमाप करून स्वयंपाक जमणार नाही का?"

"घरचा जमतो, मॅडम. पण मोठ्या कढईत मसाला कच्चा हाय का भाजला, हे आम्ही वाकून हुंगतो. रंगावर जावं, तर दर बाजारची मिरची वेगळी."

कंपनीचं म्हणणं, नाकाचं अपंगत्व डॉक्टरी हिशोबानं अगदी थोडं, तेवढीच भरपाई द्या. बाईंनी ते मानलं नाही. निकालात लिहिलं, शरीराचं किती गेलं ते डॉक्टर सांगतात. त्यानं या माणसाची कमाई किती गेली, ते कोर्टानं पाहायचं. कारकुनाचं नाक जाणं वेगळं, आचाऱ्याचं वेगळं. माझं वय आणि पुढची कामाची वर्षं धरून भरपाई दिली, दवाखान्याचा खर्च दिला आणि जेवणातलं सुख गेलं त्याचीही वेगळी.

तरी कोपऱ्यावर कुणीतरी म्हणालंच, "पैसे भेटले, आता येत आसल वास."

हल्ली छोटी कामं घेतो. बायको सोबत येते. कढईवर ती वाकते, जाळ मी सांभाळतो. ती "झालं" म्हणाली की मी विचारतो, "नक्की?" ती चिडते, पण पुन्हा वाकून हुंगते.