अंतरपाटाचा दिग्दर्शक

दोनातोने आयुष्यात चौदा चित्रपट केले आणि चौदाही आपल्या बासिलिकाता प्रांतावर केले. इटलीच्या त्या डोंगराळ, कोरड्या मुलखातून तो एकोणिसाव्या वर्षी न्यू जर्सीला आला तो परत गेलाच नाही. त्यामुळे सगळे चित्रपट तिथल्या एडिसन गावातच झाले. हायवेलगतचा मातीचा ढीग म्हणजे गावचा डोंगर, आणि ओक ट्री रोडवर साडीच्या दुकानाबाहेर ताटकळत बसलेली बाई म्हणजे गावातली विधवा. त्या बायकांना हे कोणी सांगितलं नव्हतं, म्हणून बरं.

पोटासाठी तो देशी लग्नांचे व्हिडिओ काढी. वय बहात्तर, त्यामुळे सगळे त्याला दोनातोकाका म्हणत.

त्याच्या गावात दर उन्हाळ्यात चर्चसमोरच्या चौकात एक छोटा चित्रपट महोत्सव भरे. ‘आपल्या मातीतले दिग्दर्शक’ हा त्यातला मानाचा विभाग. तिथे एकदा तरी आपलं नाव लागावं, एवढीच दोनातोची इच्छा. तो दरवर्षी चित्रपट पाठवी आणि दरवर्षी तेच उत्तर येई: कलाकृतीत प्रांताचा गंध कमी आहे. गंध कॅमेऱ्यात कसा भरायचा, यावर तो पुढचं वर्षभर डोकं शिणवी.

गेल्या मे महिन्यात मीनाक्षीच्या मुलीचं, आन्याचं, लग्न झालं. मीनाक्षी मूळची नागपूरची, नोकरी आयटीतली. काय काय टिपायचं याची तिने तीन पानी यादीच दिली. "काका, बाकी काहीही मिस करा, पण हार घालताना मिस करू नका हं."

दोघा मामांनी अंतरपाट धरला आणि दोनातोला गाव आठवलं. त्याच्या लहानपणी सिनेमावाला आला की गावातली दोन माणसं अशीच चादर ताणून धरत, आणि सगळा गाव त्या पांढऱ्या कापडाकडे बघत बसे. त्याने कॅमेरा कापडावर रोवला. मंगलाष्टकं संपेनात. आत्याबाईंनी स्वतः रचलेल्या मंगलाष्टकात तर दोन्ही घरच्या चोवीस नातेवाइकांची नावं यमकासकट कोंबली होती. मामांचे हात भरून आले होते, कापड हलत होतं. शेवटी अंतरपाट दूर झाला, तेव्हा त्याच्याबरोबर कॅमेराही दूर गेला. मामांनी घातलेली घडी चित्रात फार सुरेख आली. हार मागेच राहिले.

"काका, नवरी कुठाय?" व्हिडिओ बघताना मीनाक्षीने विचारलं.

"कापडाच्या मागे."

"कापड आम्ही घरी पाहिलं होतं हो! इस्त्री मीच केली होती!"

"आई, इट्स काइंड ऑफ ब्यूटिफुल," आन्या म्हणाली.

"तू गप्प बस. तुझंच लग्न होतं, आणि तूच दिसत नाहीयेस."

दोनातोने कापडाची ती अकरा मिनिटं तशीच, लग्नाच्या व्हिडिओवरच्या ‘चित्रण: दोनातोकाका’ या पाटीसकट, गावाला पाठवली. जुलैत उत्तर आलं: निवड झाली! दोनातो खुर्चीतून उठला, परत बसला, मग पुढचं वाचलं. विभाग होता ‘पूर्वेचे पाहुणे’. परीक्षकांनी लिहिलं होतं की, हा भारतीय दिग्दर्शक आमच्या प्रांतापासून इतका दूर आहे, तरी आमचा आत्मा त्याला बरोबर गवसला.

सकाळी नऊला त्याने महोत्सवाच्या कार्यालयात फोन लावला आणि थेट गावच्या बोलीत सुरुवात केली. मी परका नाही, माझं नाव माझ्या मातीच्या विभागात घाला.

"सर," पलीकडची मुलगी नम्रपणे म्हणाली, "इंग्रजीत बोललात तरी चालेल."

"अगं, मी तिथलाच! चर्चच्या मागचं निळ्या दाराचं घर आहे ना, तिथे जन्मलो मी."

"अरे वा! तुमची खोली तिथेच बुक केलीय, सर. आता ते गेस्टहाऊस आहे. पाहुण्यांसाठी शाकाहारी नाश्ताही ठेवलाय."

दोनातोने पत्रातलं ‘पूर्वेचे पाहुणे’ पुन्हा एकदा वाचलं.

"विभाग बदलता येईल का?" शेवटी त्याने इंग्रजीत विचारलं.

"पत्रिका छापून झाल्या, सर. बसस्टॉपवर न्यायला कोणाला पाठवू? गल्ल्या जरा गुंतागुंतीच्या आहेत."

"पाठवा," दोनातो म्हणाला.